आजीची संक्रांत, पानिपत आणि राजवाड्यांचं चिटोरं

कृष्णाकाठची
१४ जानेवारी, रात्री ९.४०

आज माहेरी गेले होते. तिथे जे झालं ते डोक्यातून जात नाही, म्हणून इथे लिहितेय. जरा लांबेल.

आमचं मूळ घर वाईजवळचं. घरात संक्रांतीला सगळं साग्रसंगीत होतं. सुगडं पुजतात, ववसा असतो, तिळगूळ, गुळाची पोळी, रथसप्तमीपर्यंत हळदीकुंकू. फक्त एक गोष्ट होत नाही. त्या दिवशी घरातली बाई नवी बांगडी भरत नाही. कासार दारात आला तरी त्याला उद्या ये म्हणून सांगायचं. आजी ८८ वर्षांची आहे. तिला तिच्या सासूने सांगितलं, सासूला तिच्या सासूने. "आपल्यातले दोघं पानपतावर गेले ते परत आले नाहीत. त्या दिवशी सव्वा लाख बांगडी फुटली. आपण भरायची नाही." आजी पानिपत म्हणत नाही, पानपतच म्हणते.

मी लहानपणापासून हे ऐकत आले आणि कुठेतरी त्याचा अभिमानही होता. गेल्या वर्षी इतिहाससंशोधक वि. का. राजवाड्यांच्या 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने'चा पहिला खंड हाती आला. तो १८९८ चा, त्यात १७५० ते १७६१ या काळातली पत्रं आहेत. प्रस्तावना वाचताना आधी दम लागला आणि मग सोडवेना. त्यानंतर पानिपतावर मिळेल ते वाचत गेले. लढाईची तिथी सगळीकडे एकच, पौष शुद्ध अष्टमी, शके १६८२, बुधवार. इंग्रजी तारीख १४ जानेवारी १७६१. आज संध्याकाळी भाच्याने एकदम विचारलं, "आत्या, तेव्हा तरी संक्रांत १४ जानेवारीलाच होती का?" मला उत्तर देता आलं नाही. आजी शेजारीच बसली होती. तिने ऐकलं की नाही, ठाऊक नाही.

माझा प्रश्न तारखेपुरता नाही. राजवाडे, खरेशास्त्री, शेजवलकर यांनी आयुष्य घालवून जो इतिहास उभा केला, त्यात आजीच्या बांगडीला जागा कुठे आहे? ती चुकीची असेल तर ती आम्ही सोडून द्यायची का?

आणि एक. माळ्यावर एक बासन आहे, कापडात बांधलेलं जुन्या कागदांचं गाठोडं. दसऱ्याला त्याला हळदकुंकू वाहतात. मोडी लिपीत आहे एवढंच सगळ्यांना माहीत. ते कधी कुणी सोडलेलं नाही.

पंचांगवाले काका
१४ जानेवारी, रात्री १०.२५

ताई, भाच्याला माझ्यातर्फे शाबासकी द्या. मुलाने नेमका प्रश्न विचारला.

१७६१ साली संक्रांत १४ जानेवारीला नव्हती. आपल्या पंचांगाचं सौर वर्ष इंग्रजी वर्षापेक्षा थोडं मोठं आहे, त्यामुळे संक्रांत हळूहळू पुढे सरकते. साधारण ६० ते ७० वर्षांत एक दिवस. पडताळा घ्यायला सोपं उदाहरण देतो. स्वामी विवेकानंदांचा जन्म १२ जानेवारी १८६३ चा, आणि तो दिवस मकरसंक्रांतीचा होता. तिथून १०२ वर्षं मागे गेलात की संक्रांत ९-१० जानेवारीच्या आसपास येते. म्हणजे लढाई झाली तेव्हा संक्रांत होऊन चार-पाच दिवस लोटले होते. संक्रांत जवळपास ठरावीक इंग्रजी तारखेला येते, ही सवय लागलेल्या आपल्या पिढ्यांनी १४ जानेवारी मागे नेऊन बसवली.

'संक्रांत कोसळली' हा वाक्प्रचार पानिपतावरून आला असंही बरेच जण सांगतात. मला ते पटत नाही. पंचांगात संक्रांतीचं वर्णन असतं, ती कशावर बसून आली, कुठून आली, कुठे चालली, कुणीकडे बघते. जिच्याकडे ती बघते त्या दिशेला पीडा, अशी समजूत. 'संक्रांत येणे'ला एवढं पुरेसं आहे, त्यासाठी पानिपत लागत नाही. मात्र 'विश्वास पानिपतात गेला' हे शंभर टक्के तिथलंच. नानासाहेबांचा थोरला मुलगा विश्वासराव त्या रणात गेला, आणि मराठीने त्याच्या नावातच ते दुःख ठेवून दिलं.

मोडीवेडा
१४ जानेवारी, रात्री ११.१०

माळ्यावर बासन आहे आणि तुम्ही ते शेवटच्या ओळीत सांगता!

हात जोडून विनंती. ते रद्दीत जाणार नाही एवढी व्यवस्था आजच करा. सोडवलंत तर पुढचं पाळा. पंख्याखाली नको. कागद एकमेकांना चिकटले असतील तर ओढू नका. चिकटपट्टी लावू नका, लॅमिनेशन तर अजिबात करू नका, त्यात कागद कायमचा जातो. प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवू नका, दमट होऊन बुरशी धरते. धुतलेल्या मांजरपाटात सैल बांधा. कागद ज्या क्रमाने निघतील तो क्रम लिहून ठेवा, कारण कशाशेजारी काय होतं यालाही अर्थ असतो. फोटो खिडकीच्या उजेडात, फ्लॅश न लावता.

मी चार वर्षांपूर्वी मोडी शिकलो. पहिल्या दिवशी ती लिपी म्हणजे मुंग्यांची रांग वाटते. आधी सबंध पानभर रेघ ओढायची आणि मग तिला अक्षरं लटकवत जायचं, हात उचलायचा नाही. ऱ्हस्वदीर्घ नाही, शब्द कुठे तुटतो ते आपणच ओळखायचं. पण सहा महिन्यांत महिना-तिथी-नाव सुटायला लागतं. एक-दोन पानांचे फोटो टाका. जमेल तेवढं वाचतो.

धुळेकर
१५ जानेवारी, सकाळी ७.०५

आमच्या गावच्या माणसाचा विषय निघाला म्हणून लिहितो. राजवाडे जन्माने धुळ्याचे नव्हेत, पण ३१ डिसेंबर १९२६ ला त्यांनी देह इथे ठेवला, आणि त्यांच्या मागे त्यांच्या नावाचं संशोधन मंडळ धुळ्यात उभं राहिलं. लहानपणी वडील मला तिथे घेऊन जायचे. कपाटं बघून मी विचारलं होतं, हे सगळं एका माणसाने लिहिलं? वडील म्हणाले, लिहिलं थोडं, गोळा केलं जास्त.

त्या गोळा करण्याबद्दल सांगतो, कारण ताईंच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर तिथे आहे असं मला वाटतं.

पेशव्यांचं सरकारी दप्तर इंग्रजांच्या ताब्यात गेलं होतं. पुण्यात ते हजारो रुमालांत बांधलेलं पडून होतं आणि आपल्या अभ्यासकांना ते सहजी पाहायला मिळत नव्हतं. त्यातले निवडक कागद ४५ खंडांत छापून यायला १९३० उजाडलं, सरदेसायांच्या हातून, यदुनाथ सरकारांच्या पाठबळाने. तोवर राजवाडे जगातही नव्हते. मग १८९८ चा खंड कशावर उभा राहिला? लोकांच्या घरांवर. वाईच्या एका वाड्यात कागद सापडले आणि तिथून हा माणूस जो फिरायला लागला तो अखेरपर्यंत. कुलकर्ण्यांचे माळे, देशपांड्यांचे पेटारे, मठांतली बाडं. बायको लवकर गेली, पुन्हा लग्न केलं नाही. पायी हिंडायचं, हाताने शिजवायचं, पदरमोड करून छापायचं. २२ खंड झाले. इंग्रजीत लिहिलं असतं तर बाहेर नाव झालं असतं, पण जे काही लिहिलं ते मराठीत. ज्यांच्या घरचे कागद, त्यांना वाचता आले पाहिजेत.

७ जुलै १९१० ला पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ निघालं तेही याच पद्धतीने. विद्यापीठाने काढलेलं नाही, सरकारने नाही. लोकांनी वर्गणी दिली, कागद दिले, आणि सभेत येऊन आपल्याला सापडलेलं वाचून दाखवलं. शिक्षक, वकील, इनामदार, कोणीही. इतिहास समाजापर्यंत कसा पोचवायचा याची हल्ली फार चर्चा होते. इथे तर तो समाजाच्याच पेटाऱ्यातून बाहेर काढला होता.

आता सांगा ताई, ते पेटारे तोवर का टिकले? मोडी वाचणारे संपत आले होते, इनामं गेली होती, कागदाला पैशाचा भाव नव्हता. तुमच्या घरासारखीच कुणीतरी दसऱ्याला हळदकुंकू वाहत होतं म्हणून टिकले. राजवाड्यांना आजीची समजूत मान्य झाली नसती. पण तिच्यासारख्या बायकांमुळे त्यांना साधनं मिळाली, हे मी छातीठोकपणे म्हणेन.

गोदाकाठ
१५ जानेवारी, दुपारी १.३०

धुळेकर, मनापासून लिहिलंय, वाचताना बरं वाटलं. पण माझं एक दुखणं आहे ते मांडते.

आमच्या घरी माळा नव्हता. बासन नव्हतं. माझ्या पणज्याच्या बापाचं नावही आम्हाला ठाऊक नाही. तुम्ही म्हणता समाजाच्या पेटाऱ्यातून इतिहास काढला. कुणाच्या पेटाऱ्यातून? कुलकर्णी, देशपांडे, सरदार. कागद ज्याच्याकडे, आठवण त्याची.

पानिपतावर काय फक्त शिलेदार गेले होते? घोड्यांची खिजमत करणारे, तोफा ओढणाऱ्या बैलांच्या शेपट्या पिरगाळणारे, भिस्ती, बाजारबुणगे म्हणून ज्यांना एका शब्दात झटकून टाकतात ते दुकानदार, त्यांच्या बायका, पोरं. फौजेचं धान्य वाहणारे वंजारी आणि लमाण. तोफखान्याचा मुख्य इब्राहिमखान गारदी तर मुसलमान, अब्दालीकडून बोलावणं असूनही मराठ्यांचे सेनापती सदाशिवरावभाऊ यांच्या बाजूने लढला आणि कैद होऊन हाल होऊन मेला. त्याच्या पलटणीतल्या तेलंगी शिपायांच्या घरी कुणी बांगडी भरायचं थांबलं होतं का? ते कुणी विचारलं?

लढाईनंतर दक्षिणेत जो निरोप आला म्हणतात तो तुम्हा सगळ्यांना पाठ असेल. दोन मोती गळाले, मोहरा हरवल्या, रुपये आणि खुर्दा किती गेला त्याची गणती नाही. दोन मोती म्हणजे भाऊ आणि विश्वासराव. मी त्या खुर्द्यातली आहे. म्हणून मला त्या वाक्याचा शेवट जास्त लागतो.

मोडीवेडा
१५ जानेवारी, दुपारी २.१५

गोदाकाठ ताई, तुमचं म्हणणं खोडायचं नाहीच मला. एक भर घालतो. पेशवे दप्तरातले जमाखर्च वाचायला लागलं की त्या खुर्द्याची नावं अधूनमधून भेटतात. अमक्या मशालजीला अमकं, तमक्या पखालवाल्याला इतके रुपये, अमुक दासीला लुगडं. राजवाड्यांच्या काळात सगळ्यांचं लक्ष राजकारणाच्या पत्रांवर होतं, हिशेबाचे कागद मागे पडले. मागे पडले म्हणजे नाहीत असं नाही. वाचणारे हात कमी आहेत.

गोदाकाठ
१५ जानेवारी, दुपारी २.४०

मग ते हात आमच्यातून यायला हवेत. मोडीचा वर्ग कुठे असतो ते सांगा. मी पुण्यातच आहे.

मोडीवेडा
१५ जानेवारी, दुपारी २.५५

भारत इतिहास संशोधक मंडळात असतात, राज्याच्या पुराभिलेख खात्याकडूनही होतात. पुढच्या वर्गाची चौकशी करून तुम्हाला इथेच कळवतो. मी सोबत येईन पहिल्या दिवशी.

सोनीपतकर
१५ जानेवारी, रात्री ८.५०

नोकरीमुळे ११ वर्षं हरयाणात आहे. काल सकाळी पानिपतला काला अंबवर जाऊन आलो, दर वर्षी जातो. तिथे स्तंभ आहे. एक आंब्याचं झाड होतं, रणातल्या रक्ताने त्याची फळं काळी पडली अशी तिथली समजूत, त्यावरून नाव. धुकं इतकं होतं की स्तंभाजवळ जाईपर्यंत तो दिसला नाही. महाराष्ट्रातून आलेल्या बसगाड्या होत्या. आणि तिथल्या 'रोड' नावाच्या समाजाची माणसं होती, जी स्वतःला पानिपतातून वाचून मागे राहिलेल्या मराठ्यांचे वंशज म्हणवतात. इतिहासाच्या कसोटीवर हे कितपत उतरतं त्याबद्दल अभ्यासकांत एकमत नाही. पण एका वयस्कर माणसाने माझा हात दोन्ही हातांत धरून ठेवला आणि सोडेना. मी महाराष्ट्रातून आलोय एवढंच त्याला कळलं होतं.

रोहतकजवळ सांघी गावात भाऊंच्या नावाची गादी आहे. तिथले लोक सांगतात की भाऊ रणात पडले नाहीत, जखमी होऊन तिथे आले आणि नाथपंथी होऊन राहिले. मी हे ऐकलं तेव्हा अंगावर काटा आला, कारण हीच आस पुण्यातही होती. भाऊंच्या पत्नी पार्वतीबाईंनी भाऊ गेले हे मानलं नाही, सौभाग्यलेणं उतरवलं नाही असं सांगतात. मग भाऊंचा तोतया उभा राहिला, त्याच्यामागे माणसं गोळा झाली, किल्ले गेले, आणि १७७६ मध्ये त्याला देहान्त शिक्षा झाली. पंधरा वर्षं झाली तरी लोक वाट बघत होते.

त्यामुळे बांगडी न भरणारं घर मला समजू शकतं.

पंचांगवाले काका
१५ जानेवारी, रात्री ९.३०

काल रात्री झोप लागेना, एक गोष्ट सुचली ती तपासून लिहितो.

दिल्लीजवळ बुराडी घाटावर अब्दालीच्या बाजूशी लढताना दत्ताजी शिंदे पडले तो दिवस १० जानेवारी १७६०. पानिपताच्या आधी जवळजवळ बरोबर एक वर्ष. आता मी कालचंच गणित लावलं, तर त्या वर्षीची संक्रांत याच सुमाराला येते, १०-११ जानेवारीला. म्हणजे संक्रांतीशी जवळीक असलेला घाव आहे, पण तो पानिपताचा नसून बुराडीचा.

ताई, मी असं म्हणत नाही की तुमच्या घरातले दोघं दत्ताजींबरोबर गेले असतील. त्याला पुरावा नाही. पण एका घराच्या आठवणीत दोन जानेवाऱ्या एकमेकींत मिसळून एकच 'पानपत' झालं असेल, हे अशक्य नाही. उत्तरेतून वाईट बातमी येते, ती पौषात येते, थंडीत येते, सणाच्या दिवसांत येते. दोनशे साठ वर्षांनी त्यातला सण तेवढा पक्का राहतो.

कृष्णाकाठची
१५ जानेवारी, रात्री १०.००

काका, मी हे तीनदा वाचलं. आजीला सांगण्यासारखं काहीतरी पहिल्यांदाच मिळालं.

शनिवारवाडा ते सदाशिव
१६ जानेवारी, सकाळी ९.१५

चर्चा चांगली चालली आहे, पण सगळे फार हळवे होत आहेत असं मला वाटतं. इतिहासकाराचं काम भावना जपणं नाही. राजवाड्यांनी हे पहिल्याच प्रस्तावनेत ठणकावून सांगितलं. अस्सल पत्राचं एक चिटोरं बखरींच्या अख्ख्या ढिगाला भारी पडतं, असा त्यांचा रोख. आपल्याला पानिपत म्हटलं की काय आठवतं? "बचेंगे तो और भी लढेंगे." हे कुठून आलं? भाऊसाहेबांच्या बखरीतून. बुराडीच्या रणात मरणाऱ्या दत्ताजींच्या तोंडचे शब्द कोणी टिपून घेतले? अख्खा महाराष्ट्र हे वाक्य पाठ म्हणतो, आणि उत्तरेतले मामलेदार गोविंदपंत बुंदेले यांना रसदीबद्दल भाऊंनी लिहिलेली अस्सल पत्रं किती जणांनी वाचली आहेत?

आठवण नुसती निरुपद्रवीही नसते. ५ जानेवारी २००४ ला पुण्यात भांडारकर संस्थेवर हल्ला झाला, कपाटं फोडली, ग्रंथ फेकले. ते करणाऱ्यांनाही आपण इतिहासावर प्रेम करतो असंच वाटत होतं. चिटोऱ्यांचा मान सुटला की हे होतं. म्हणून आजीला खरं सांगा. गोड करून सांगू नका.

धुळेकर
१६ जानेवारी, सकाळी ११.४०

२००४ चं आठवलं की अजून गलबलतं. त्यात दुमत नाही.

पण गोविंदपंतांचं नाव तुम्हीच काढलंत, तर तिथे जरा थांबू. भाऊंची ती पत्रं पहिल्या खंडात आहेत. पत्रांत भाऊ चिडलेले, पैसा येत नाही, अब्दालीची रसद तुटत नाही, उशीर का. ती वाचून राजवाड्यांनी पराभवाचा ठपका गोविंदपंतांवर आणि मल्हारराव होळकरांवर ठेवला. पत्रं अस्सल, शंकाच नाही. पण ती एका बाजूची. मागणाऱ्याची. साठीच्या पुढचा हा मामलेदार माणूस अंतर्वेदीत, म्हणजे गंगा-यमुनेच्या मधल्या मुलखात, काय अडचणीत होता ते त्यात नाही, आणि डिसेंबर १७६० मध्ये अब्दालीची रसद मारायला गेलेला तो तिकडेच मारला गेला. त्याने जीव दिला. पुढच्या अभ्यासकांना राजवाड्यांचा निवाडा जसाच्या तसा मान्य झाला नाही.

चिटोरंही बोलतं तेवढंच बोलतं हो. राजवाड्यांवर माझी भक्ती आहे, तरी हे म्हणतो. किंबहुना भक्ती आहे म्हणूनच म्हणतो, कारण त्यांनी निवाड्याबरोबर पत्रंही छापली. आपल्याला त्यांच्याशी भांडायला लागणारं हत्यार त्यांनीच आपल्या हाती दिलं.

वाचनवेळ
१६ जानेवारी, दुपारी ४.२०

शेजवलकरांचं नाव सुरुवातीला आलं आणि मागे पडलं, म्हणून थोडं.

त्र्यंबक शंकर शेजवलकर डेक्कन कॉलेजात होते. पानिपतावरचं त्यांचं मराठी पुस्तक १९६१ मध्ये आलं, लढाईला २०० वर्षं झाली त्या वर्षी. माझ्या वडिलांच्या पिढीवर त्याचा परिणाम झाला, कारण तोवर पानिपत म्हणजे फक्त 'झालं' असायचं. परीक्षेत पानिपत, धंद्यात पानिपत, निवडणुकीत पानिपत. पराभवाला पर्यायी शब्दच. शेजवलकरांनी विचारलं की ही माणसं एवढ्या लांब कशासाठी गेली होती? आणि उत्तर दिलं की हिंदुस्थानावर बाहेरच्याचं राज्य नको, या भूमिकेसाठी. चुका त्यांनी लपवल्या नाहीत. तीर्थयात्रेकरूंचं लटांबर, उत्तरेतल्या रजपूत-जाटांशी बिघडलेले संबंध, मराठ्यांनी कुंजपुरा घेतल्यानंतर अब्दालीने यमुना ओलांडून पाठीमागे येऊन वाट तोडली ते. सगळं आहे. पण लाजेच्या जागी त्यांनी दुसरं काहीतरी ठेवलं.

माझ्या मते राष्ट्राच्या आठवणीवर इतिहासकार काम करतो तो असा. नवी आठवण तो तयार करत नाही. लोकांच्या मनात जी आधीपासून आहे ती हातात घेतो, तिची दुखरी बाजू कागदांवर ठेवून बघतो, आणि परत देतो. परत मिळते तेव्हा ती जरा वेगळी असते. शेजवलकरांशी मी सगळीकडे सहमत नाही. १७६१ च्या माणसांच्या मनात 'राष्ट्र' आजच्या अर्थाने होतं का, याबद्दल मला बरीच शंका आहे. काला अंबला जाणाऱ्या बसगाड्यांमध्ये मात्र शेजवलकर बसलेले असतात, प्रवाशांनी त्यांचं नाव ऐकलेलं नसलं तरी.

शनिवारवाडा ते सदाशिव
१६ जानेवारी, संध्याकाळी ६.००

धुळेकर, गोविंदपंतांचा मुद्दा मान्य. मी ती पत्रं वाचली होती, पण ती मागणाऱ्याची पत्रं आहेत अशा नजरेने वाचली नव्हती.

संपादक
१६ जानेवारी, संध्याकाळी ७.१०

२००४ च्या घटनेवर दोन प्रतिसाद व्यक्तिगत पातळीवर गेल्याने काढले आहेत. त्या विषयासाठी हवा तर स्वतंत्र धागा काढावा. इथे पानिपत आणि साधनं यावरच लिहावं, ही विनंती.

कृष्णाकाठची
१८ जानेवारी, रात्री ९.१५

बासन सोडलं.

आधी वडील तयार नव्हते. काही वर्षांपूर्वी ते यातलेच थोडे कागद घेऊन एका ठिकाणी दाखवायला गेले होते. तीन फेऱ्या झाल्या, दर वेळी पुढच्या महिन्यात या म्हणून सांगितलं, आणि चौथ्या वेळी कागदांचा गठ्ठा कुणालाच सापडेना. त्यांनी ते आम्हाला आजवर सांगितलं नव्हतं. आज सांगितलं. त्या दिवसापासून त्यांनी बासनाला कुणाला हात लावू दिला नव्हता, ते कशामुळे ते आता कळलं.

आजीने स्वतः गाठ सोडली. आत वेखंडाचे तुकडे होते, कुणी ठेवले कोण जाणे. ४३ कागद निघाले. सात-आठ कसरीने खाल्लेले, बाकी चांगले. सगळ्यांचे फोटो घेतले, खिडकीपाशी, मोडीवेडा यांनी सांगितलं तसे, क्रम लिहून. सुरुवातीचे तीन त्यांना पाठवले आहेत.

मोडीवेडा
१९ जानेवारी, रात्री ११.४५

कालपासून याच्यावरच होतो. आमच्या सरांकडूनही तपासून घेतलं.

पहिला कागद उशिराचा आहे, इंग्रजी अमलातला, जमिनीच्या सारावसुलीचा. दुसरा फार फाटला आहे, त्यावर घाईने काही बोलत नाही. तिसरा महत्त्वाचा. त्यावर साल आहे 'अर्बा सितैन मया व अलफ'. जुन्या कागदांत अरबी आकड्यांनी वर्ष लिहायची रीत होती. अर्बा म्हणजे चार, सितैन साठ, मया शंभर, अलफ हजार. ११६४. त्यात ५९९-६०० मिळवायचे. १७६३-६४. मृगाला सुरू होणारं वर्ष असल्याने दोन इंग्रजी सालांत विभागलं जातं.

म्हणजे पानिपतानंतर तिसऱ्या वर्षीचा कागद.

मजकूर लहान आहे, एका घराला धान्य आणि थोडी रोकड चालू ठेवावी असा. त्यात 'बालपरवेशी' हा शब्द स्वच्छ आहे. मोहिमेत माणूस कामी आला आणि मागे लहान मुलं असली की त्यांच्या पोटासाठी सरकारातून जी नेमणूक मिळायची, ती बालपरवेशी. कागदात पानिपताचं नाव नाही. कोण कुठे पडलं तेही नाही. त्यामुळे हे पानिपताचंच असं मी म्हणणार नाही, आणि तुम्हीही म्हणू नका. त्या वर्षांत दुसऱ्या मोहिमाही झाल्या.

मात्र नेमणूक जिच्या हाती द्यायची, तिचं नाव आहे. बाईचं नाव. ते मी तुम्हाला वेगळं कळवलं आहे.

गोदाकाठ
२० जानेवारी, सकाळी ८.००

मोडीच्या वर्गात नाव घातलं. कृष्णाकाठची, उरलेल्या ४० कागदांतले थोडे माझ्यासाठी ठेवा. मला वेळ लागेल.

कृष्णाकाठची
२० जानेवारी, रात्री १०.३०

सगळे ठेवते, गोदाकाठ.

आज आजीला सगळं सांगितलं. काकांचं संक्रांतीचं गणितही सांगितलं, दत्ताजींचंही, आणि कागदावर पानिपत लिहिलेलं नाही हेही. तिने शांतपणे ऐकून घेतलं. मग मी ते नाव वाचून दाखवलं. घरच्यांना विचारल्याशिवाय इथे लिहीत नाही.

आमच्या घरात हे नाव कुणाचंच नाही. कधी ऐकलेलंही नाही. दोघं पुरुष गेले हे सात-आठ पिढ्यांनी लक्षात ठेवलं. मागे राहून ज्या बाईने मुलं वाढवली, तिच्याबद्दल कुणीच काही सांगितलं नव्हतं.

आजीने मला ते नाव दुसऱ्यांदा वाचायला लावलं, मग तिसऱ्यांदा. तिला नीट ऐकू येत नाही म्हणून मी मोठ्याने म्हटलं. मग तिने विचारलं, "तिला किती धान्य देत होते?" मी आकडा सांगितला. ती बराच वेळ बोटांवर काहीतरी मोजत होती, आणि म्हणाली, "दोन पोरं असतील. त्याहून जास्त असती तर पुरलं नसतं."